गधेगाळ: दगडावर कोरलेली शिवी

कोकणात रस्ता रुंद करताना, देवळाचा जीर्णोद्धार करताना किंवा एखादी जुनी विहीर उपसताना कोरीव दगड निघतो आणि दोन दिवसांनी वर्तमानपत्राच्या स्थानिक पानावर बातमी येते: ‘अमुक गावात शिलाहारकालीन गधेगळ सापडला’. सोबत फोटो. वर चंद्रसूर्य, मधे झिजलेली अक्षरं आणि खाली गाढव व एक बाई. त्या दोघांचं काय चाललंय याबद्दल बातमी सहसा गप्प असते. ‘हा शापदगड असून तो प्राचीन आहे’ एवढ्यावर विषय मिटतो. मग फोटो व्हॉट्सॲपवर फिरू लागतो आणि गुप्तधनाच्या गोष्टींना ऊत येतो.

३ ऑक्टोबर २०२४ ला मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला, तेव्हा जुन्या शिलालेखांची नावं पुन्हा चर्चेत आली. श्रवणबेळगोळ, अक्षी, परळ. या यादीतल्या दोन नावांचा गधेगाळीशी थेट संबंध आहे, हे मात्र सभा-समारंभांत फारसं कुणी सांगितलं नाही. कारण उघड आहे. गधेगाळ ही एक घाणेरडी शिवी आहे. ती कुणी, कुणाला आणि कशासाठी दिली हे कळलं की हजार वर्षांपूर्वी जमिनीचे, देणग्यांचे व्यवहार कसे टिकवले जायचे तेही कळतं.

शब्दाची फोड

‘गधे’ या भागात अडचण नाही. संस्कृत ‘गर्दभ’ची प्राकृतात ‘गद्दह’ आणि ‘गड्डह’ अशी दोन रूपं झाली. पहिल्याच्या वळणाने हिंदीतला ‘गधा’ आणि आपला ‘गद्धा’ आला, दुसऱ्याच्या वळणाने ‘गाढव’.

फसगत होते ती पुढच्या भागात. गावोगाव आढळणारा ‘वीरगळ’ आपल्याला माहीत असतो. लढाईत पडलेल्या वीराचं स्मारक. त्यातला ‘गळ’ कन्नडमधून आला आहे. ‘कल्लु’ म्हणजे दगड. समासात क चा ग होतो, वीरगल्लु, आणि मराठीत वीरगळ. तेव्हा ‘गधेगळ’ म्हणजे गाढवाचा दगड, असं कुणालाही वाटेल. वस्तू दगडाची, तिच्यावर गाढव कोरलेलं. अर्थ इतका चपखल बसतो की चुकीची व्युत्पत्ती सुखाने नांदते आणि बातमीत ‘गधेगळ’ असंच छापून येतं.

पण अभ्यासकांच्या लिखाणात हा शब्द ‘गधेगाळ’ किंवा ‘गद्धेगाळ’ असा येतो आणि त्यातली ‘गाळ’ म्हणजे शिवी. संस्कृतात ‘गालि’, हिंदीत ‘गाली’. मराठीत ही गाळ एकटी फारशी वापरात राहिली नाही, पण ‘शिवीगाळ’ या जोडशब्दात ती ठणठणीत आहे. ‘बाजारहाट’मध्ये जसे एकाच अर्थाचे दोन शब्द शेजारी बसलेत, तसेच इथेही. तर गधेगाळ म्हणजे गाढवाची शिवी. आधी शिवी, मग तिचं चित्र, आणि त्या चित्रावरून दगडालाही तेच नाव.

हा फरक निव्वळ शुद्धलेखनाचा नाही. काही शिलालेखांत ही शिवी फक्त अक्षरांत असते, चित्र नसतं. तिलाही गधेगाळच म्हणतात. ‘गाढवाचा दगड’ असा अर्थ धरला तर अशा लेखातली गाळ हिशेबातच येणार नाही. शब्दाच्या लिंगाचा घोळही यातूनच: दगड डोळ्यांपुढे असला की ‘तो गधेगळ’, शिवी डोळ्यांपुढे असली की ‘ती गधेगाळ’. मी ‘ती’ म्हणणार आहे.

दगडावर काय काय असतं

साधारण मांडणी तीन टप्प्यांची. सगळ्यात वर चंद्र आणि सूर्य. हे नक्षीकाम नव्हे, ती मुदत आहे. दानपत्रांतला ठरीव शब्द ‘आचंद्रार्क’, म्हणजे चंद्र आणि सूर्य आहेत तोवर. दिलेलं दान तोवर चालायचं.

मधे मजकूर. यात राजाचं नाव, त्याच्या बिरुदांची लांबलचक माळ, शक आणि संवत्सर, दान कुणी दिलं, कुणाला दिलं, काय दिलं. अशा राजाज्ञेला ‘शासन’ म्हणत. आज आपण शासन म्हणजे सरकार समजतो. तेव्हा शासन म्हणजे लेखी हुकूम, आणि बहुतेकदा दानाचा हुकूम.

तळाशी गाढव आणि स्त्री. गाढव स्त्रीवर आरूढ झालेलं. चित्र पुरेसं उघड असतं, कल्पनेला वाव ठेवलेला नसतो. हे दान जो मोडेल त्याच्या आईवर गाढव चढेल, असा त्याचा अर्थ. मजकुरातही हीच गोष्ट क्रियापदासकट लिहिलेली असते. ते क्रियापद आजही मराठीत आहे, पण इथे छापत नाही.

कधी मधली जागा कोरीच असते. चंद्रसूर्य आहेत, गाढव आहे, अक्षर एकही नाही. असे दगड देवस्थानाच्या किंवा इनाम जमिनीच्या हद्दीवर उभे केले जात.

राजाला शिवी देण्याची गरज का पडावी?

इथे पहिली शंका येते. ज्याच्या हाती सैन्य, ज्याच्या हाती तुरुंग, त्याने शिव्या का कोराव्यात? दंड करावा, डोकं उडवावं.

उत्तर असं की दान मोडणारा माणूस बहुधा राजाच्या हाताबाहेरचा असायचा. आज एखाद्या राजाने देवळाला नारळीची वाडी दिली. तो जिवंत आहे तोवर ती वाडी कोण हिसकावणार? धोका असतो तो त्याच्यानंतर. नातू गादीवर आला आणि खजिना रिकामा असला तर तो आजोबांची दानं परत घेऊ शकतो. दुसरंच घराणं आलं तर ते जुन्या घराण्याच्या हुकमाला कशाला विचारील? शिवाय मधले अधिकारी, वसुली करणारे, शेजारचे बळकट शेतकरी. आपण मेल्यानंतर आपला हुकूम पाळला जावा यासाठी राजाकडे सैन्य नव्हतं, फक्त शब्द होते.

ही भीती किती खरी होती ते उत्तर कोकणच्या शिलाहारांवरूनच दिसतं. ठाणे, तेव्हाचं स्थानक, ही त्यांची राजधानी. नवव्या शतकापासून त्यांचा इथे अंमल होता. इसवी सन १२६५ च्या सुमारास देवगिरीच्या महादेव यादवाने शेवटच्या सोमेश्वराचा पराभव केला आणि घराणं संपलं. बोरिवलीजवळच्या एक्सरच्या वीरगळांवर गलबतांची लढाई कोरलेली आहे, ती याच युद्धाची मानतात. पुढच्या पन्नासएक वर्षांत यादवही गेले. शिलाहारांनी दिलेल्या दानांचं काय झालं असेल, ते नव्या धन्याच्या मर्जीवर. त्या धन्याला उद्देशून, तो जन्माला येण्याच्याही आधी, दगडावर शिवी लिहून ठेवलेली होती.

आजही शहरातल्या भिंतींवर रंगवलेलं दिसतं: ‘येथे लघवी करणारा गाढव आहे’. भिंतीच्या मालकाकडे पहारेकरी नसतो, महापालिका फिरकत नाही, म्हणून तो शिवी लिहितो. तेवढ्याने भागलं नाही तर देवदेवतांच्या चित्रांच्या फरशा बसवतो. वर देव, खाली गाढव. गधेगाळीची मांडणी याहून फार वेगळी नाही, आणि कारणही तेच: अंमलबजावणी करणारं कुणी हजर नसताना हुकूम पाळला जावा.

संस्कृतात शाप, मराठीत शिवी

दानपत्रात शाप लिहिण्याची चाल गधेगाळीहून बरीच जुनी आहे. देशभरच्या ताम्रपटांच्या शेवटी हा श्लोक सापडतो:

‘स्वदत्तां परदत्तां वा यो हरेत वसुंधराम् । षष्टिं वर्षसहस्राणि विष्ठायां जायते कृमिः ॥’

स्वतः दिलेली असो की दुसऱ्याने दिलेली, जो जमीन हिरावून घेईल तो साठ हजार वर्षं विष्ठेत किडा होऊन जन्मेल. शाप भयंकर आहे, पण छंदात बसवलेला, सभ्य, आणि संस्कृत येणाऱ्यालाच कळणारा. ताम्रपटही दान घेणाऱ्याच्या घरी पेटीत असायचा. गावातल्या कुणालाच तो रोज दिसत नसे.

आता परळचा शिलालेख पाहा. शके ११०८, म्हणजे इसवी सन ११८७. (शकात ७८ मिळवले की इसवी सन येतो, वर्षाअखेरच्या महिन्यांत ७९.) शिलाहार राजा अपरादित्याच्या काळचा हा दगड मुंबईत परळला मिळाला. षट्षष्टी, म्हणजे आजची साष्टी, तिथल्या महवली गावातल्या एका वाडीच्या उत्पन्नातून चोवीस द्रम्म वैद्यनाथ देवाच्या पूजेसाठी दिले, असा मजकूर. द्रम्म हे नाणं. ‘दाम’ हा शब्द त्यातूनच आला. ही सगळी माहिती संस्कृतात आहे. शेवटी मात्र लेख भाषा बदलतो. जो कोणी हे शासन ‘लोपी’, म्हणजे बुडवील, त्याच्यावर सहकुटुंब वैद्यनाथाचा कोप होवो, आणि मग त्याच्या आईची व गाढवाची ती ओळ. ही अखेर मराठीत.

माझ्या मते या विषयातली सगळ्यात बोलकी गोष्ट हीच. दान कुणी दिलं, त्याची बिरुदं कोणती, हे देवाला आणि पंडितांना कळलं तरी चाललं असतं. धमकी मात्र ज्याला द्यायची त्याला कळायलाच हवी होती. म्हणून ती त्याच्या भाषेत. आणि ज्याला मराठीही वाचता येत नाही त्याच्यासाठी खाली चित्र. अभिजात दर्जाच्या निमित्ताने आपण जुन्या मराठीचे नमुने मिरवतो, त्यात हाही एक नमुना आहे. आठशे वर्षांपूर्वीची मराठी वाचताना सगळ्यात कमी अडखळायला होतं ते नेमकं या शिवीपाशी.

अक्षीपासून नागावपर्यंत

अलिबागजवळच्या अक्षीचा लेख शके ९३४ चा, म्हणजे इसवी सन १०१२ चा, असं त्याचं रूढ वाचन आहे. स्वतःला पश्चिम समुद्राचा अधिपती म्हणवणारा केसीदेवराय, त्याचा प्रधान भइर्जु सेणुई, देवीच्या बोडणासाठी, म्हणजे तिच्या एका पूजाविधीसाठी, दान, आणि शेवटी महालक्ष्मीची आण. बोडण आजही कोकणातल्या घरांत भरतात, त्यामुळे हा लेख वाचताना हजार वर्षांचं अंतर एकदम आटतं. गधेगाळींमध्ये सर्वांत जुनी मानली जाते ती हीच.

अक्षीला लागूनच नागाव. तिथल्या शिलालेखात शके १२८९ आहे, म्हणजे इसवी सन १३६७, आणि सोबत हिजरी ७६९ सुद्धा. राज्य करणारा हंबीरराव. शिलाहार गेले, यादव गेले, कालगणनेत हिजरी सन आला. गाढव मात्र कायम. दोन शेजारच्या गावांमधल्या साडेतीनशे वर्षांत सरकारी भाषेची वळणं बदलली तरी लिहून घेणाऱ्यांना याच शिवीचा भरवसा वाटत राहिला.

हे दगड सगळ्यात जास्त मिळतात ते कोकणात. घाटावर आणि गोव्यातही आहेत.

पण गाढवच का?

बैल, कुत्रा, रेडा सोडून गाढवच का निवडलं? गाढवाचा आपल्याकडे अपमानाशी जुना संबंध आहे. गुन्हेगाराची गाढवावरून धिंड काढत. लक्ष्मीच्या थोरल्या बहिणीचं, ज्येष्ठेचं म्हणजे अलक्ष्मीचं, वाहन गाढव. आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे ‘गाढवाचा नांगर फिरवणे’. शत्रूचं गाव जाळून त्यावर गाढवं जुंपलेला नांगर फिरवला की ती जमीन कायमची अशुभ झाली असं समजत. आदिलशाही सरदार मुरार जगदेवाने पुण्यावर असाच नांगर फिरवला आणि पुढे जिजाबाईंनी बालशिवाजीच्या हातून सोन्याच्या फाळाचा नांगर धरून ते अशुभ पुसलं, ही कथा मराठी मुलं शाळेतच ऐकतात.

या नांगरामुळे काही अभ्यासक गधेगाळीचा अर्थ वेगळा लावतात. कोरलेली बाई म्हणजे कुणाची आई नसून भूमी आहे; दान मोडशील तर तुझी जमीन नापीक होईल, असा तो शाप आहे. कल्पना सुंदर आहे. जमीन आणि स्त्री यांची सांगड आपल्या संस्कृतीत जागोजाग आहेच, तेव्हा कोरणाऱ्याच्या मनात तो अर्थही असू शकतो.

तरी मला हा अर्थ पुरेसा वाटत नाही. जिथे चित्राशेजारी मजकूर आहे, तिथे तो ‘त्याची माय’ असंच म्हणतो. मजकूर इतका रोखठोक असताना चित्राला प्रतीकाचा शेला पांघरायचा, यात अर्थ शोधण्यापेक्षा आपली लाज झाकण्याची घाई जास्त दिसते.

गुन्हा मुलाचा, मग आई का?

ही शंका आजच्या वाचकाला येणारच, आणि यायलाच हवी. दान मोडणार पुरुष, बहुधा राजा किंवा अधिकारी. दगडावर विटंबना होते ती अशा बाईची, जिचा या व्यवहाराशी काही संबंध नाही.

याचं कारण गूढ नाही. घराण्याची अब्रू बाईच्या देहात ठेवलेली होती, म्हणून पुरुषाला दुखवायचा सोपा मार्ग तिच्यातून जायचा. आजच्या शिव्या तपासा. आई आणि बहीण सोडून किती उरतात? ‘त्या काळी तसं होतं’ म्हणून ही बाब सोडून देता येत नाही, कारण तो काळ संपलेला नाही. आईवरून दिलेली शिवी हजार वर्षांपूर्वी राजदरबारातून अधिकृतपणे दिली जात होती, एवढंच गधेगाळ दाखवते.

ही शिवी चालायची का?

शिवीला भिऊन किती दानं वाचली हे मोजण्याची सोय नाही. पण एक खूण आहे: पद्धत टिकली. निरुपयोगी कलम पिढ्यान्‌पिढ्या दगडावर कोरत बसण्याइतका पैसा आणि वेळ कुणाकडेच नसतो. निदान दान देणाऱ्यांना आणि घेणाऱ्यांना त्यात काही राम वाटत होता.

शिवाय शिवीचा धाक फक्त परलोकाचा नव्हता. दगड हद्दीवर उभा असायचा, गावाच्या येण्याजाण्याच्या वाटेवर. दान मोडणारा कोण हे सगळ्या गावाला माहीत, आणि त्याच्या आईचं चित्रही सगळ्यांच्या डोळ्यांसमोर. लोक काय म्हणतील, ही भीती शापाहून जास्त काम करत असणार.

सुलतानांच्या आणि मराठ्यांच्या काळात कलमाचं रूप बदललं. कागदोपत्री आण येऊ लागली: हिंदू असेल त्याला गाईची, मुसलमान असेल त्याला डुकराची. मोडणारा कुठल्याही धर्माचा असू शकतो, हे आता लिहिणाऱ्याला ठाऊक होतं. गाढवाची जागा हळूहळू या शपथेने घेतली, आणि सनदेत ‘लेकराचे लेकरी’ चालवावे असं लिहून वर शिक्का उठवला की काम भागू लागलं.

पैसे पुरलेले असतात का?

नाही. गाढवाखाली सोनं पुरलंय या समजुतीपायी कित्येक दगड उपटले गेले, फुटले. ‘धन’ असलंच तर ते मधल्या अक्षरांत होतं: कुणाची वाडी, किती द्रम्म, कुठलं देऊळ. घण घातला की जातं ते नेमकं तेवढंच. दुसऱ्या टोकाला, काही गावांत याच दगडाला शेंदूर फासून देव केलंय. त्यात वाईट काही नाही, पण शेंदराच्या थरांखाली अक्षरं बुजतात.

असा दगड दिसला तर तो हलवू नका. दगड कुठल्या हद्दीवर उभा आहे ही अर्धी माहिती असते. अक्षरं उठून दिसावीत म्हणून खडू, चुना, तेल लावू नका, तारेच्या ब्रशने घासू नका. अंधार पडल्यावर बॅटरीचा उजेड एका बाजूने तिरपा पाडा. दिवसा न दिसणारी अक्षरंही सावलीमुळे उठतात. तसेच तीनचार फोटो वेगवेगळ्या बाजूंनी उजेड पाडून काढा, लांबी-रुंदी मोजा, जागा नोंदवा आणि तहसील कार्यालयाला किंवा राज्याच्या पुरातत्त्व खात्याला कळवा. जमिनीखालून निघाला असेल तर तसं कळवणं कायद्यानेही बंधनकारक ठरू शकतं. १८७८ चा निखात निधी कायदा अजून लागू आहे. आणि चित्र अश्लील आहे म्हणून ग्रामपंचायतीने त्याच्या खालच्या भागावर सिमेंट थापायचं ठरवलं, तर तेवढं मात्र थांबवा.